गाडीतून पडलेला माणूस आणि त्याच्या घरच्यांचा हक्क

माझ्या वर्गातील एका विद्यार्थ्याचे वडील परवा एक कापडी पिशवी घेऊन घरी आले. पिशवीत शवविच्छेदनाच्या अहवालाची एक चुरगळलेली प्रत, ग्रामपंचायतीचा मृत्यूचा दाखला, वर्तमानपत्राचे एक कात्रण आणि रेशनकार्ड एवढा ऐवज होता. त्यांचा धाकटा भाऊ हैदराबादेस सेंट्रिंगच्या कामावर होता. सणासाठी गावी परतताना रात्रीच्या गाडीत त्याला बसायला जागा मिळाली नाही, म्हणून तो जनरलच्या डब्याच्या दारात बसला. उदगीर सोडल्यावर केव्हातरी तो खाली पडला. पहाटे रुळाच्या कडेला प्रेत सापडले. मागे बायको आणि दोन लहान मुले. या गोष्टीला चौदा महिने झाले होते.

मी विचारले, "दादा, रेल्वेकडे नुकसानभरपाईचा अर्ज केला होता का?" ते म्हणाले, "कशाचा अर्ज सर? चूक तेचीच की. दारात बसला. आन् तिकीट बी सापडलं नाही. मंग कोन्त्या तोंडानं मागावं?"

श्रोते हो, या दोन वाक्यांत मराठवाड्यातील कितीतरी घरांची कथा आलेली आहे. चूक त्याचीच होती, आणि तिकीट नव्हते. या दोन समजुतींपायी माणसे हक्काची रक्कम सोडून देतात, आणि सोडून दिली हे त्यांना कळतही नाही. म्हणून आज मी याच विषयावर बोलणार आहे. कायद्याची भाषा जरा रूक्ष असते, तेव्हा थोडे सांभाळून घ्यावे.

आपल्याकडे रेल्वेचा अपघात म्हटला म्हणजे डोळ्यांपुढे मोठा अपघात येतो. नांदेडच्या लोकांना २८ डिसेंबर २०१३ ची पहाट आठवत असेल. बंगळूरहून नांदेडला येणाऱ्या एक्स्प्रेसच्या वातानुकूलित डब्याला आंध्र प्रदेशात अनंतपूर जिल्ह्यात, पुट्टपर्तीजवळ आग लागली आणि २६ माणसे गेली. पुढे २४ ऑगस्ट २०१५ रोजी याच मार्गावरच्या बंगळूर-नांदेड गाडीवर त्याच जिल्ह्यात पेनुकोंड्याजवळ फाटकापाशी ग्रॅनाइटच्या दगडांनी भरलेला ट्रक येऊन आदळला, त्यातही प्रवासी दगावले. अशा वेळी मंत्री येतात, वर्तमानपत्रांत मथळे येतात, जागच्या जागी मदत जाहीर होते. घरच्यांना कोणी ना कोणी सांगतेच की असा असा अर्ज करा.

पण एकटा माणूस रात्री गाडीतून पडला तर कोण येणार? त्याची बातमी आतल्या पानावर चार ओळींची, "अनोळखी इसमाचा मृत्यू". आणि कायद्याचे म्हणाल तर त्याने या दोन्ही मृत्यूंची किंमत एकच धरली आहे. ही गोष्ट फार थोड्यांना माहीत आहे.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. रेल्वेचा कायदा १९८९ चा. त्याच्या १२४ व्या कलमात गाड्यांची टक्कर, गाडी घसरणे, आग यांसारख्या अपघातांची भरपाई आहे. पुढे १९९४ साली त्यात १२४-अ हे कलम घातले गेले. त्यात, सोप्या भाषेत सांगायचे तर, अनिष्ट घटनेतील मृत्यू आला. प्रवाशांना घेऊन जाणाऱ्या गाडीतून प्रवासी अपघाताने खाली पडला, तर ती अनिष्ट घटना. गाडीत किंवा फलाटावर झालेला दहशतवादी हल्ला, दरोडा, दंगल, जाळपोळ याही त्यात येतात. आणि या कलमातले मर्माचे वाक्य असे आहे की रेल्वेची चूक असो वा नसो, भरपाई द्यायची.

हे जरा नीट समजून घ्यावे. मोटारीच्या अपघातात आपण सहसा ड्रायव्हरचा दोष शोधतो. कोर्टात "गाडी भरधाव होती" हे सिद्ध करत बसतो. इथे ते नको. गार्डाने शिटी दिली की नाही, ड्रायव्हरने ब्रेक लावला की नाही, हा प्रश्नच येत नाही. मोटारीच्या दाव्यात मरणाऱ्याची कमाई मोजतात, वय मोजतात, त्यावरून रक्कम काढतात. रेल्वेत तेही नाही. मृत्यूची रक्कम ठरलेली आहे. १९९७ सालापासून ती ४ लाख रुपये होती आणि १ जानेवारी २०१७ पासून ८ लाख आहे. वातानुकूलित डब्यातला व्यापारी असो की जनरलच्या डब्यातला मजूर, रक्कम तीच. आपल्या देशात गरिबाचे आणि श्रीमंताचे मरण एका मापाने मोजणारे कायदे थोडे आहेत, त्यांतला हा एक.

मग "चूक तेचीच की" याचे काय? रेल्वेचे वकील हा मुद्दा मांडतातच. पायरीवर उभे राहून प्रवास करणे हा कायद्याने गुन्हाही आहे. शिवाय १२४-अ कलमात पाच अपवाद सांगितले आहेत. आत्महत्या किंवा तिचा प्रयत्न, स्वतः करून घेतलेली इजा, स्वतःचे गुन्हेगारी कृत्य, नशेत किंवा वेडाच्या भरात केलेले कृत्य, आणि नैसर्गिक कारणाने वा आजाराने आलेला मृत्यू. यांतले काही असेल तर भरपाई नाही. दारात बसणे हे "स्वतः करून घेतलेली इजा" किंवा "गुन्हेगारी कृत्य" यांत बसवण्याचा प्रयत्न बरीच वर्षे चालला.

सर्वोच्च न्यायालयाने तो मान्य केला नाही. केरळातील एक स्त्री गाडीत चढण्याच्या प्रयत्नात पडून मरण पावली होती. २००८ साली त्या प्रकरणात न्यायालयाने सांगितले की चढताना पडणे हेही गाडीतून पडणेच होय. हा कायदा लोकांच्या कल्याणासाठी केलेला आहे, त्याचा अर्थ कंजूषपणे लावू नये. २०१० साली दुसरा निकाल आला. त्यात माणूस उघड्या दारापाशी उभा होता आणि तेथून पडला. न्यायालय म्हणाले, हा निष्काळजीपणा असेल, अविचारही असेल, पण निष्काळजीपणा म्हणजे गुन्हेगारी कृत्य नव्हे. आणि २०१८ साली स्वतः करून घेतलेल्या इजेविषयीही खुलासा झाला. ती इजा करून घेण्याचा हेतू पाहिजे. डुलकी लागून पडलेल्या माणसाचा कुठला आलाय हेतू!

माझे स्वतःचे मत विचाराल तर दारात बसण्याला चूक म्हणण्याआधी सणासुदीला आपल्या भागातल्या गाडीचा जनरलचा डबा एकदा डोळ्यांनी पाहावा. पुण्या-मुंबईला, हैदराबादेला पोट भरायला जाणाऱ्या माणसाला दारातली जागा ही काही हौसेची जागा नसते.

आता तिकिटाचा प्रश्न. भरपाई "प्रवाशा"ला आहे, आणि प्रवासी म्हणजे ज्याच्याकडे त्या गाडीचे योग्य तिकीट किंवा पास आहे तो. फलाट तिकीट घेतलेलाही त्यात येतो. पण जनरलचे तिकीट म्हणजे बोटभर कागद. माणूस पडतो, अंगावरचे कपडे फाटतात, रक्ताने भिजतात, पावसात पडून राहतात. कधी पाकीट जाते. तिकीट सापडले नाही म्हणून तो फुकटा, असे धरले तर बहुतेक दावे पहिल्या दिवशीच संपतील.

९ मे २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बिहारमधील एका विधवेच्या प्रकरणात याचा निकाल लावला. तिकीट सापडले नाही एवढ्यावरून माणूस प्रवासी नव्हता असे म्हणता येणार नाही. मात्र पहिली जबाबदारी घरच्यांची. त्यांनी प्रतिज्ञापत्रावर हकिगत सांगायची. कुठून निघाला, कुठे जाणार होता, कोण सोडायला गेले होते, बरोबर कोण होते. एवढे आले की मग तो प्रवासी नव्हता हे दाखवण्याचा बोजा रेल्वेवर जातो. पण याचा अर्थ असा मात्र नव्हे की रुळाच्या बाजूला प्रेत सापडले म्हणजे दावा मंजूर झालाच. प्रवास केल्याची काहीच खूण नसेल तर दावे फेटाळले जातात, वरच्या कोर्टापर्यंत जाऊनही फेटाळले गेले आहेत.

या ठिकाणी एक कठीण गोष्ट सांगितली पाहिजे. ८ मे २०२० रोजी, टाळेबंदीच्या दिवसांत, जालन्याच्या पोलाद कारखान्यात काम करणारे मध्य प्रदेशचे मजूर घरी जाण्यासाठी रुळाच्या कडेने चालत निघाले होते. थकून करमाडजवळ रुळावरच झोपले. पहाटे रिकाम्या मालगाडीखाली १६ जण गेले. हा मार्ग आपल्या नांदेड विभागातला. दोन्ही राज्यांच्या सरकारांनी प्रत्येकी ५ लाखांची मदत जाहीर केली. पण १२४-अ कलमाची भरपाई त्यांना लागू होत नव्हती, कारण ते प्रवासी नव्हते आणि गाडीतून पडलेही नव्हते. ज्यांच्यासाठी गाड्याच बंद होत्या, ते प्रवासी कसे होणार? कायद्याच्या रेषा अशा निर्दय असतात. रूळ ओलांडताना गाडीखाली सापडलेल्या माणसाचेही तसेच. तो या कलमात बसत नाही.

२२ जानेवारी २०२५ रोजी जळगाव जिल्ह्यात परधाडे स्टेशनजवळ तर याहून विचित्र प्रकार झाला. पुष्पक एक्स्प्रेसमध्ये आग लागल्याची अफवा उठली, साखळी ओढली गेली, लोक घाबरून शेजारच्या रुळावर उतरले आणि समोरून आलेल्या कर्नाटक एक्स्प्रेसखाली किमान १२ जण सापडले. तिकीट होते, प्रवासी होते, पण गाडीतून "पडले" असे म्हणायचे की नाही? अशा प्रसंगी सगळा वाद एका क्रियापदावर येऊन ठेपतो. आणि ते क्रियापद प्रथम लिहितो कोण? तर पंचनामा करणारा पोलीस.

म्हणून, विशेषतः शिक्षकबंधूंना आणि सरपंच-पोलीस पाटलांना मला सांगायचे आहे ते पंचनाम्याविषयी. प्रेत सापडले की स्टेशन मास्तरचा निरोप जातो, लोहमार्ग पोलीस किंवा गावचे पोलीस येतात, आकस्मिक मृत्यूची नोंद होते आणि पंचनामा लिहिला जातो. घरचे लोक त्या वेळी शुद्धीवर नसतात. पंच म्हणून गावातल्याच दोघांची सही घेतात, आणि ते बिचारे न वाचता सही करतात. त्यात "रूळ ओलांडत असताना" असे चार शब्द सवयीने पडले, की तोच कागद पुढे रेल्वेचा मोठा पुरावा होतो. "दारू पिऊन" हे शब्दही तसेच. कोणी पाहिलेले नसते, पण गावगप्पांतून कागदावर येतात.

तेव्हा पंच म्हणून बोलावले तर आधी वाचावे, मग सही करावी. जे पाहिले तेवढेच लिहायला सांगावे. प्रेत कोणत्या जागी, रुळापासून किती अंतरावर होते, अंगावर कोणते कपडे होते, खिशात काय काय निघाले, बॅग होती का, फोन होता का. तिकीट निघाले तर त्याचा क्रमांक पंचनाम्यात आलाच पाहिजे. खोटे मात्र काही घालू नये. रेल्वे आपली चौकशी स्वतंत्रपणे करते, रेल्वे सुरक्षा दलाचे लोक येऊन जबाब घेतात, आणि एका जबाबातले खोटे दुसऱ्यात उघडे पडते. मग खरा दावाही बुडतो.

माझ्या त्या पाहुण्यांना मी विचारले, "भावाचे कपडे कुठे आहेत?" ते म्हणाले, "दवाखान्यातून गाठोडं दिलं होतं. तिसऱ्याला राख सावडली, तवा राखेसंगं नदीला सोडलं." गाठोडे उघडून कोणी पाहिले नव्हते. शर्टाच्या खिशात तिकीट होते की नव्हते, ते आता मांजराच जाणे. रीत मोडा असे मी म्हणणार नाही, पण नदीला सोडण्याआधी खिसे तेवढे पाहावेत.

दावा कोणी करायचा? नवरा, बायको, मुलगा, मुलगी यांचा हक्क पहिला. मेलेला मुलगा किंवा मुलगी अविवाहित असेल तर आईबापांचा. एरवीही आईबाप, अज्ञान भाऊ, अविवाहित किंवा विधवा बहीण, विधवा सून हे त्याच्या कमाईवर पूर्ण वा थोडे अवलंबून असतील तर त्यांचा हक्क येतो. अज्ञान मुलांच्या वतीने पालक अर्ज करू शकतो. जखमी झालेल्यालाही भरपाई आहे, ती इजेप्रमाणे ठरते.

अर्ज साध्या दिवाणी कोर्टात किंवा तहसिलीत नव्हे, तर रेल्वे दावा न्यायाधिकरणात करायचा. हे न्यायाधिकरण १९८७ च्या कायद्याने निर्माण झाले. महाराष्ट्रात त्याची पीठे मुंबई व नागपूर येथे आहेत, शेजारी तेलंगणात सिकंदराबादला आहे. अपघात जिथे झाला, तिकीट जिथून काढले, जिथे जायचे होते, किंवा दावा करणारा जिथे राहतो, त्या जागेवर ज्या पीठाचा अधिकार चालतो तिथे अर्ज करता येतो. मृत्यूच्या दाव्याला कोर्ट फी नाही. निकाल विरुद्ध गेला तर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील आहे. उशिरा निकाल लागल्यास व्याजही मिळते. मोठ्या अपघातात जाहीर झालेली तातडीची मदत निराळी आणि ही भरपाई निराळी. ती मदत घेतली म्हणून दाव्याचा हक्क जात नाही, आणि ती मिळाली म्हणजे सगळे मिळाले असेही नाही.

मुदत मात्र एक वर्षाची आहे, अपघाताच्या तारखेपासून. पोलिसांचा तपास अजून चालू आहे म्हणून थांबावे, ही समजूत चुकीची. अर्ज करावा, राहिलेले कागद मागाहून जोडावेत. वर्ष उलटले तर विलंबाचे सबळ कारण दाखवून विलंब माफ करण्याचा अर्ज देता येतो. पण तो मंजूर करणे न्यायाधिकरणाच्या हाती असते.

आता पैशाविषयी एक इशारा. दुखवट्याच्या घरी सर्वांत आधी कोण पोचते, तर पुष्कळदा दलाल. "सगळं मी बघतो, तुम्ही सह्या करा." पाटण्याच्या पीठाकडील शेकडो दाव्यांत मोठा घोटाळा उघडकीला आला, केंद्रीय अन्वेषण विभागाने गुन्हे दाखल केले. दावेदारांच्या नावे रक्कम मंजूर झाली, बँकेत खाती उघडली गेली, आणि त्यांतला मोठा वाटा वकिलांच्या टोळीने काढून नेला, असा तो आरोप आहे. विधवेच्या हाती थोडे पडले, आणि मूळ रक्कम किती होती हे तिला कळलेसुद्धा नाही. म्हणून कोऱ्या कागदावर किंवा कोऱ्या चेकवर सही नको. खाते दावेदाराच्या नावाचे, पासबुक आणि एटीएमचे कार्ड तिच्याच हातात. वकील हवाच असेल तर फी आधी लिहून घ्यावी. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय नांदेडला आहे, लातूरलाही आहे. तिथे स्त्रियांना आणि गरिबांना फुकट कायदेशीर सल्ला मिळतो.

जाता जाता आणखी एक. ज्यांची मुले मोबाईलवरून आरक्षणाचे तिकीट काढतात, त्यांना तिथे काही पैशांत विमा घेता येतो. मृत्यूला १० लाखांचा. ती रक्कम या भरपाईहून वेगळी. पुष्कळ मुले ती खूण करतात, पण वारसाचे नाव भरायचे राहू देतात. खिडकीवरून जनरलचे तिकीट काढणाऱ्याला ही सोय नाही, म्हणजे ज्याला दारात बसावे लागते त्यालाच ती नाही.

तर त्या पाहुण्यांचे काय झाले? मी त्यांना विचारले, गाडीत भावाबरोबर कोणी होते का. बराच वेळ आठवून ते म्हणाले, गावचाच एक पोरगा त्याच डब्यात होता, आत उभा होता. हैदराबादला तिकिटाच्या रांगेतही दोघे बरोबर होते. त्याला आजवर कोणी विचारलेच नव्हते. पोलिसांनीही नाही, घरच्यांनीही नाही. तो सध्या ऊसतोडीला कर्नाटकात गेला आहे. वहिनींच्या नावाने अर्ज आणि विलंब माफीचा अर्ज आम्ही लिहून ठेवला आहे. उशिराचे कारण खरे तेच लिहिले आहे, की हा हक्क आहे हेच घरात कोणाला ठाऊक नव्हते. ते कारण पुरते की नाही ते न्यायाधिकरण ठरवील. त्या पोराचे प्रतिज्ञापत्र तेवढे राहिले आहे. पट्टा पडायची वाट पाहू नका, तो जिथे असेल तिथे जाऊन ते करून आणा, असे मी दादांना सांगितले. ते दुसऱ्या दिवशी पहाटेच्या एस.टी.ने निघाले.